फ्लँडर्स आणि स्वान: स्वानना नुसता ‘पियानोवाला’ म्हणू नका

नमस्कार मंडळी! फ्लँडर्स आणि स्वानवर व्हिडिओ कधी, असं किती जणांनी विचारलंय. तर आज तोच.

आधी भराभर ओळख. मायकल फ्लँडर्स आणि डोनाल्ड स्वान ही विनोदी गाणी रचून गाणारी ब्रिटिश जोडी, दोघंही लंडनच्या वेस्टमिन्स्टर शाळेचे. १९४० मध्ये शाळेच्याच कार्यक्रमात एकत्र आले. १९४३ मध्ये नौदलात असताना फ्लँडर्सना पोलिओ झाला आणि व्हीलचेअर कायमची आली. युद्धानंतर दोघं मिळून दुसऱ्यांसाठी गाणी लिहायचे. ३१ डिसेंबर १९५६ ला लंडनमधल्या नॉटिंग हिलच्या छोट्याशा थिएटरात स्वतःच गायला बसले. कार्यक्रमाचं नाव ‘ॲट द ड्रॉप ऑफ अ हॅट’. महिन्याभरात तो वेस्ट एंडच्या, म्हणजे लंडनच्या मुख्य नाट्यवस्तीतल्या, फॉर्च्युन थिएटरात गेला आणि दोन वर्षांहून जास्त चालला. १९५९ मध्ये न्यूयॉर्क, १९६३ मध्ये दुसरा कार्यक्रम, १९६७ मध्ये थांबले.

आता मुद्द्याचं. कमेंटमध्ये सारखं येतं, ‘फ्लँडर्स ग्रेट, दुसरा नुसता पियानो वाजवतो.’ अहो, शब्द फ्लँडर्सचे, पण चाली स्वानच्या! चिखलात लोळणाऱ्या पाणघोड्याचं गाणं तुम्ही गुणगुणता ना? काय गुणगुणता? चालच ना!

कुणी म्हणेल, त्यांचं हॉर्न या वाद्यावरचं गाणं तर मोझार्टचं. बरोबर. मोझार्टच्या चौथ्या हॉर्न कॉन्चेर्टोच्या (हॉर्न आणि ऑर्केस्ट्रासाठीची रचना) शेवटच्या भागावर फ्लँडर्सनी शब्द बसवलेत, आणि ते कमालच आहे. पण मागचा अख्खा ऑर्केस्ट्रा कोण उभा करतंय? स्वानचे दोन हात.

त्यांचं ‘स्लो ट्रेन’ हे गाणं घ्या. १९६३ मध्ये रेल्वेबद्दलचा बीचिंग अहवाल आला, ब्रिटनमधली हजारो छोटी स्टेशनं बंद करा म्हणाला. या गाण्यात बहुतांशी स्टेशनांची नावं आहेत. ब्लँडफर्ड फोरम, मॉर्टहो, चेस्टर-ले-स्ट्रीट. (हे शेवटचं वाचलं, आजही चालू आहे.) नुसतं वाचलंत तर वेळापत्रक वाटेल, चालीवर ऐकलंत तर घसा दाटतो. माझ्या मामांना इंग्रजी फारसं येत नाही, त्यांना ऐकवलं. मध्येच म्हणाले, ‘थांब, परत लाव,’ आणि आपल्या विदर्भातल्या शकुंतला रेल्वेची स्टेशनं म्हणायला लागले: मूर्तिजापूर, कारंजा, दारव्हा, यवतमाळ. शब्द कळले नव्हते, मंडळी. चाल पोचली होती.

आणि स्वान गायचेही! ‘कोकोराकी’ ऐका. हे ग्रीक गाणं, कोंबड्यापासून एकेक प्राणी वाढत जातो आणि प्रत्येकाचा आवाज स्वान स्वतः काढतात. युद्धात शस्त्र घ्यायला नकार देऊन ते मदतपथकात गेले होते, ग्रीसमध्येही राहिले होते. पुढे ‘लॉर्ड ऑफ द रिंग्ज’वाल्या टॉल्किनच्या कवितांनाही चाली लावल्या त्यांनी.

कुठून सुरुवात करू, असं विचारताय ना? प्रेक्षकांसमोरचंच रेकॉर्डिंग घ्या. जॉर्ज मार्टिननी केलंय, हो, तेच बीटल्सवाले. पहिल्यांदा शब्द ऐका. दुसऱ्यांदा हेडफोन लावून फक्त पियानो ऐका, आणि मग कमेंट लिहा.