आपल्या घरात आपण पाहुणे

मंडळी, यंदा चतुर्थीच्या सुट्टीत हँडीकॅमच्या जुन्या कॅसेट्स आम्ही कॉम्प्युटरवर उतरवून घेतल्या. सावंतवाडीचं घर, गणपती, गणपतीवरच्या माटवीला टांगलेल्या काकड्या आणि कवंडळं. आणि एका बाजूला भिंतीला टेकून, चहाचे कप सांभाळत बसलेले आम्ही. मुलीने विचारलं, "आई, आपल्याच घरात आपण पाहुण्यांसारखे का बसलोय?" कुणीच उत्तर दिलं नाही. तिच्या बाबांनी व्हिडिओ पुढे सरकवला.

तेव्हापासून मला योनास मेकास आठवतोय. १९४४ साली युद्धात लिथुआनिया सोडलेला हा कवी निर्वासितांच्या छावण्यांतून १९४९मध्ये न्यूयॉर्कला पोचला आणि लवकरच त्याने चावीचा बोलेक्स कॅमेरा घेतला. एकदा चावी दिली की जेमतेम अर्धा मिनिट चालणारा. त्यावर तो कित्येक दशकं रोजचं जगणं टिपत राहिला. १९७१मध्ये तो लिथुआनियातल्या आपल्या गावी गेला आणि त्या भेटीचा चित्रपट केला. म्हातारी आई उघड्यावर चूल पेटवून रांधतेय, कॅमेरा हलतोय, चित्र ठरत नाही. आधी डोळ्यांना त्रास होतो. मग कळतं, आपल्यालाही घर असंच तुकड्यांनी आठवतं. मुलीचा प्रश्न तिथेही आहे. तो स्वतः त्या अंगणात पाहुणा आहे आणि ते लपवत नाही. व्हिडिओ पुढे सरकवत नाही.

इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, २००४पासून आपल्या पणजीत भरतो. पण असा प्रायोगिक चित्रपट लागला की "गोष्ट काय आहे?" म्हणत आपली माणसं उठतात. मला हे खटकतं, कारण आपल्या मंडळाचं चित्रीकरणही अशा ठरलेल्या 'गोष्टी'पुरतंच झालंय: दीपप्रज्वलन, शाल-श्रीफळ, आभार. मोदक वळताना बायका अर्ध्या मालवणीत, अर्ध्या कोंकणीत काय बोलतात, नाटकाच्या तालमीत कोण कुणावर रुसतं, ते एकाही कॅसेटमध्ये नाही.

माझी कळकळीची विनंती आहे. गोव्याच्या पावसात कॅसेटला बुरशी धरते, त्या कपाटातून बाहेर काढा. मंडळाच्या हॉलमध्ये एकत्र बसून बघू. ज्येष्ठांनी प्रत्येक चेहऱ्याचं नाव सांगावं आणि ते सांगणंही रेकॉर्ड करावं, काटछाट न करता. आज ती माणसं ओळखणारे आपल्यात आहेत.

आणि मुलांच्या हातात कॅमेरा द्या. मी दिला. मुलीने मिरामारचा किनारा टिपला, शाळेची बस टिपली, शेजारणीचा सोरपोतेल वाढणारा हात टिपला. सावंतवाडीला नेला तेव्हा कॅमेरा पिशवीतच राहिला. गणपतीपुरतीच पत्रादेवीची गोव्याची सीमा ओलांडणाऱ्या मुलांना ते घर आपलं वाटावं म्हणून आम्ही काय करायचं? की वाटलंच पाहिजे हा हट्ट सोडून द्यायचा? माझं अजून ठरत नाही. तुमच्यापैकी ज्यांची मुलं इथेच मोठी झाली, त्यांनी चहाच्या वेळी माझ्याशी जरूर बोलावं.