भीती कसली त्यात?

[दृश्य: पालकांची कार्यशाळा. समोरासमोर दोन खुर्च्या.]

एका खुर्चीत आई, दुसरीत मुलगा. भूमिका करणारे दोघेही पालकच. मुलगा म्हणतो, "आई, उद्या वर्गात जायची भीती वाटतेय." उत्तर तयारच असतं: "भीती कसली त्यात? आम्ही तर छड्या खायचो!"

बाकीचे पालक हसतात. मुलाच्या खुर्चीतल्या गृहस्थांकडे बघा. मान खाली गेली, बोलणं थांबलं.

आईला धीरच द्यायचा होता. मुलापर्यंत पोचलं ते एवढंच, की तुला वाटतंय ते खरं नाही. घराघरांत भावना अशाच नाकारल्या जातात, बहुतेकदा मायेपोटी.

मुळात हळव्या मुलाला वर्षानुवर्षं हेच ऐकावं लागलं, तर स्वतःच्या भावना ओळखणं आणि आवरणं त्याला जमेनासं होतं, अशी मांडणी अमेरिकन मानसशास्त्रज्ञ मार्शा लिनेहन यांनी १९९३मध्ये केली. असं मूल एकतर सगळं गिळतं, नाहीतर आकांत करतं. नैराश्य आणि स्वतःला इजा करून घेण्याचा धोका त्यातून वाढतो.

[दृश्य: तोच प्रसंग, दुसऱ्यांदा.]

मोबाइल पालथा ठेवलाय. आई आधी फक्त ऐकलेलं परत सांगते: "उद्या वर्गात जायची भीती वाटतेय तुला." आणि थांबते. ही शांतता मोठ्यांना सोसत नाही, सल्ला निसटतो तो इथेच.

मग न बोललेल्याचा अंदाज, तोही प्रश्न म्हणून: "परत सगळ्यांसमोर ओरडतील असं वाटतंय का?" अंदाज चुकला तर मुलगा दुरुस्त करेल, करू द्या. त्यानंतर कारण: "परवा सगळ्यांदेखत बोलणी खाल्लीस. भीती वाटणारच." नुसतं "समजतंय मला" पुरत नाही. काय समजलं, ते सांगावं लागतं.

वाक्य इथे संपवायचं. बहुतेकजण पुढे "पण" लावतात, "पण शाळा बुडवायची नाही हं", आणि केलेलं सगळं पुसून टाकतात. भीती मान्य केली म्हणजे दांडी मान्य केली असं होत नाही. उद्या शाळेत कसं जायचं, शिक्षकांशी कोण बोलणार, हे जरूर ठरवा. मूल शांत झाल्यावर.

आणि "जगावंसं वाटत नाही" असं मूल म्हणालं, तर "नाटकं करू नकोस" हे शब्द तोंडातून जाऊ देऊ नका. जीव द्यायचा विचार येतो का, हे थेट विचारा. त्याला एकटं सोडू नका. टेलिमानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा क्रमांक मोफत आहे, चोवीस तास चालू असतो, आणि तिथे मराठीत बोलता येतं.