एका नाण्यावरचे दोन राजे

नमस्कार, श्रोते हो.

घरात वाद तापला की कुणीतरी मध्ये पडतं. "जाऊ द्या हो, तुमचंही बरोबर आणि यांचंही बरोबर," म्हणतं, चहा टाकायला सांगतं आणि विषय तिथंच मिटतो. हल्ली याला अनेकांतवाद म्हणायची पद्धत पडली आहे. माझं भांडण आहे ते या समजुतीशी. जैन आचार्यांनी शतकानुशतकं खपून घडवलेला हा विचार इतका स्वस्त नाही. तो बोलणाऱ्याला खिंडीत गाठून विचारतो, की बाबा रे, हे तू कुठल्या बाजूनं म्हणतोयस, ते आधी सांग.

मूळ म्हणणं थोडक्यात असं. कुठल्याही वस्तूला अगणित अंगं असतात आणि आपण बोलतो ते त्यातलं एखादं अंग धरून. त्या एका अंगानं बघण्याला 'नय' म्हणतात. नय खोटा नसतो. "एवढंच खरं, बाकी सगळं झूठ" असं तो म्हणायला लागला की बिघडतो, मग त्याचा दुर्नय होतो. इथं हत्ती आणि आंधळ्यांची गोष्ट सांगायचा रिवाज आहे. मी ती सांगणार नाही. त्या गोष्टीत अख्खा हत्ती दिसणारा कुणी डोळस शेजारी उभा असतो. आपल्या भांडणांत तो कधी हजर असतो का? त्यापेक्षा आपल्याच नाशिक जिल्ह्यातली चांदी बघू.

१९०६ साली सिन्नर तालुक्यात जोगलटेंभीला चांदीच्या नाण्यांचा मोठा साठा सापडला. १३,०००हून जास्त नाणी. ती पाडली होती क्षहरात घराण्यातल्या नहपान राजानं. त्यावर त्याचा चेहरा, त्याचं नाव. पुढं सातवाहन घराण्यातल्या गौतमीपुत्र सातकर्णीनं नहपानाचा पाडाव केला आणि या साठ्यातल्या बहुतेक नाण्यांवर स्वतःची चिन्हं ठोकली, तीन कमानींचा डोंगर आणि उज्जैन चिन्ह, म्हणजे टोकांना वर्तुळं असलेली फुली. नाणं वितळवलं नाही, नुसतं वरून ठोकलं. त्यामुळं कित्येक नाण्यांवर डोंगराच्या कमानीखालून नहपानाच्या चेहऱ्याची कड अजून डोकावते.

आता सांगा, नाणं कुणाचं?

जैन आचार्य समंतभद्रांच्या 'आप्तमीमांसा' या ग्रंथात याच्याशी जुळणारा दाखला आहे. सोन्याचा घट मोडून मुकुट केला. ज्याला घट हवा होता तो हळहळला, ज्याला मुकुट हवा होता तो हरखला, आणि ज्याला सोनंच हवं होतं त्याला सुख ना दुःख. तिघंही आपापल्या जागी खरे. मात्र ते खरे आहेत कारण वस्तूतच तिन्ही गोष्टी घडल्यात. घट गेला, मुकुट आला, सोनं टिकलं. हे तिघांच्या मनाचे खेळ नव्हेत. मला यातली हीच गोष्ट सगळ्यात मोलाची वाटते. "ज्याचं त्याचं मत" आणि अनेकांत यांत फरक पडतो तो इथं. जोगलटेंभीच्या नाण्याला लावून बघा. नहपानाची सत्ता गेली, सातकर्णीची आली, सोनाराच्या तराजूला दोन्हीचं सोयरसुतक नाही. पण कुणी म्हणालं, की हे नाणं तांब्याचं आहे, हीसुद्धा एक बाजूच, तर त्याला अनेकांताच्या घरात जागा नाही. तो सरळ चुकला.

हीच दोन घराणी नाशिकच्या पांडवलेण्यांतही समोरासमोर येतात. दहाव्या लेण्यात नहपानाचा जावई उषवदात आपली दानं कोरून ठेवतो. तीन लाख गाई दिल्या, नदीवर घाट बांधला, ब्राह्मणांना गावं दिली, भिक्खूंना हे लेणं दिलं. तिसऱ्या लेण्यात सातकर्णीची आई गौतमी बलश्री आपल्या लेकाची कीर्ती सांगते, त्यात तो क्षहरात वंशाचा निःशेष नाश करणारा. डोंगर तोच, लिपी तीच ब्राह्मी. लेण्यात राहणाऱ्या भिक्खूंनी दोघांचंही दान घेतलं. शहाणी माणसं!

या विचाराला कडक टीकाकारही भेटले. शंकराचार्यांनी ब्रह्मसूत्रांवरच्या भाष्यात 'नैकस्मिन्नसंभवात्' या सूत्राखाली याची चांगलीच झडती घेतली आहे. एकाच वस्तूत 'आहे' आणि 'नाही' एका वेळी कसं नांदेल? तीच वस्तू थंड आणि तीच ऊन? आणि सगळंच अनिश्चित असेल, तर तुमच्या गुरूचा उपदेश तरी निश्चित कशावरून? प्रश्न बिनतोड वाटतो. पण जैनांचं उत्तर तितकंच नेमकं आहे. एकाच अपेक्षेनं, म्हणजे एकाच बाजूनं बघून, आम्ही दोन्ही म्हणतच नाही. 'आहे' म्हणताना अपेक्षा वेगळी, 'नाही' म्हणताना वेगळी. ती अपेक्षा ठरवायला त्यांनी चार खुंट्या दिल्या आहेत: द्रव्य, क्षेत्र, काल, भाव.

नाशिककरांसाठी ही चौकट कांद्याला लावतो. यातला भाव म्हणजे लिलावातला भाव नव्हे बरं का, वस्तूची त्या वेळची अवस्था. "कांदा महागला" हे वाक्य घ्या. द्रव्य: उन्हाळ की लाल? मोठा माल की गोल्टी? क्षेत्र: लासलगावच्या बाजार समितीचं आवार की दादरची भाजीवाली? काल: एप्रिलचा काढणीचा हंगाम की कांदा साठवायच्या चाळी रिकाम्या होत आलेला ऑक्टोबर? भाव: कोरडा खणखणीत, की कोंब फुटलेला? समजा ऑक्टोबरात क्विंटलला तीन हजार मिळाले. टीव्हीवाला म्हणेल, भडका. पण ज्याचा एप्रिलात चाळीत भरलेला माल वजनाला घटला, वर थोडा सडला, त्याच्या हिशोबात ते तीन हजार पूर्ण तीन हजार नाहीतच. बाजार समित्यांना हे केव्हाच उमगलंय. रोजचा दर त्या एका आकड्यात सांगत नाहीत. कमीत कमी, जास्तीत जास्त आणि सर्वसाधारण, असे तीन सांगतात.

"मग निर्णय कसा घ्यायचा? चारी खुंट्यांभोवती फिरतच बसायचं का?" असं कुणी विचारेल. समंतभद्रांनी 'स्वयंभूस्तोत्रा'त याचाही बंदोबस्त केला आहे. ते म्हणतात, 'अनेकान्तोऽप्यनेकान्तः', अनेकांतालाही अनेकांत लागू. वस्तूचं समग्र ज्ञान घ्यायचं तेव्हा तो अनेकांत. पण एक नय निवडून, तो उघड सांगून बोलायचं ठरलं, की त्या नयापुरता एकांतच, म्हणजे एकच ठाम बाजू. तिथं चाचरायचं कारण नाही. लिलावात ट्रॅक्टरपाशी बोली लागली, की शेतकऱ्याला 'एका अपेक्षेनं हो, एका अपेक्षेनं नाही' म्हणता येत नाही. माल द्यायचा की परत न्यायचा, ते तिथंच सांगावं लागतं.

नमस्कार.