घंटेआधीची न्याहारी

(म्युनिक परिसरातील मराठी कुटुंबांच्या महिला दिन मेळाव्यात केलेलं भाषण, संकेतस्थळासाठी थोडं संपादित.)

नमस्कार मंडळी.

महिला दिनाला कुणावर बोलू असं विचारल्यावर समितीकडून सावित्रीबाईंचं आणि डॉ. आनंदीबाई जोशींचं नाव आलं. दोघींवर बोलायला मला कधीही आवडेल. पण आज मी मुद्दाम या शहरातल्याच एका बाईंविषयी बोलणार आहे. आपले साठीच्या पुढचे जर्मन शेजारी त्यांना तरुणपणापासून ओळखतात, आपल्यातल्या बऱ्याच जणांनी मात्र त्यांचं नावही ऐकलेलं नाही. त्या म्हणजे अभिनेत्री ऊशी ग्लास.

जन्म 2 मार्च 1944चा, लोअर बव्हेरियातल्या लांडाऊ या ईझार नदीकाठच्या छोट्या गावातला. बाई नाट्यशाळेतून आल्या नाहीत. शाळा संपल्यावर कार्यालयात नोकरी धरली आणि म्युनिकला आल्या. तिथे होर्स्ट वेंडलांट या बड्या निर्मात्याच्या नजरेस पडल्या आणि 1965मध्ये एडगर वॉलेस यांच्या रहस्यकथांवरच्या एका चित्रपटात त्यांना छोटीशी भूमिका मिळाली. पुढच्याच वर्षी विनेटू या काल्पनिक अपाची सरदाराच्या चित्रपटात त्या आपानाची या नायिकेच्या भूमिकेत दिसल्या. कार्ल माय यांच्या विनेटूच्या गोष्टी इथली मुलं पिढ्यान्‌पिढ्या वाचत आलेली, त्यामुळे हा चेहरा घराघरात पोचला. 1968 साली माय स्पिल्स या दिग्दर्शिकेचा 'झूर झाखे, शेत्सखेन' आला. म्युनिकच्या श्वाबिंग भागातल्या निवांत, बेफिकीर तरुणांची ही गोष्ट. चित्रपट तुफान चालला आणि चोवीस वर्षांच्या ऊशी ग्लास देशाच्या लाडक्या झाल्या. जर्मन चित्रपटाच्या दिग्दर्शनात त्या काळी बायका अगदी मोजक्या होत्या, म्हणून माय स्पिल्स यांचं नाव आजच्या दिवशी मला मुद्दाम घ्यायचं आहे.

एवढ्या यशानंतर अनेक नट्यांना पंचविशीची प्रतिमा आयुष्यभर पुरवून वापरावी लागते. बाईंना टीव्हीने वेगळी वाट दिली, आणि माझ्या मते त्यांचं खरं काम तिथेच झालं. म्युनिकच्या पोलीस ठाण्यावरच्या 'पोलिट्साइइन्स्पेक्त्सिओन 1'मध्ये त्या होत्या. मग ऐंशीच्या दशकात अभिनेते एल्मार वेपर यांच्याबरोबर त्यांची पडद्यावर जोडी जमली. 'त्स्वाय म्युन्शनर इन हांबुर्ग' ही त्यांची मालिका 1989 ते 1993 चालली. त्यात त्या उत्तरेकडच्या परक्या शहरात बदली होऊन गेलेली बँक अधिकारी आहेत. नव्वदच्या दशकात 'आना मारिया' आली. नवरा गेल्यावर त्याचा खडी-वाळूचा धंदा स्वतः चालवणारी बाई त्यांनी तिच्यात उभी केली. त्यानंतर 'सिल्विया'मध्ये त्या शिक्षिका झाल्या. चाळिशी-पन्नाशीतली, नोकरी-धंदा करणारी, घरही सांभाळणारी बाई मालिकेच्या मध्यभागी, आणि तीही गर्दीच्या वेळेत! आपल्या सासवा-आयांच्या वयाच्या जर्मन बायकांशी बोलून बघा. या भूमिकांविषयी त्या ओळखीच्या बाईविषयी बोलावं तशा बोलतात.

हे सगळं मी थोडक्यात सांगितलं, कारण मला जास्त वेळ पुढच्या गोष्टीसाठी हवा आहे.

बाई पासष्टीच्या उंबरठ्यावर होत्या तेव्हाची ही गोष्ट. म्युनिकमध्ये कितीतरी मुलं सकाळी उपाशीपोटी शाळेत येतात, अशी बातमी त्यांनी रेडिओवर ऐकली. म्युनिकमध्ये! जिथे एका खोलीच्या भाड्यात आपल्याकडे आख्खं कुटुंब महिना काढेल, त्या म्युनिकमध्ये. ऐकून हळहळून त्या थांबल्या नाहीत. पती डीटर हेरमान यांच्याबरोबर त्यांनी शाळांकडे चौकशी केली, तेव्हा बातमी खरी निघाली. मग 2009 साली दोघांनी 'ब्रोटत्साइट' ही संस्था काढली. बव्हेरियात दोन जेवणांमधल्या खाण्याला ब्रोटत्साइट म्हणतात, हे इथल्या बिअरगार्टनमुळे तुम्हाला माहीत असेलच.

संस्थेचं काम ऐकायला साधं आहे. ज्या ग्रुंडशूलेत, म्हणजे प्राथमिक शाळेत, अडचणीतल्या घरांची मुलं जास्त, तिथे पहिली घंटा व्हायच्या आधी न्याहारी मांडायची. पाव, चीज, म्युसली, दूध, फळं, कापलेल्या भाज्या. लिडल ही किराणा साखळी माल पुरवते. मुलाला हवं ते ते स्वतः वाढून घेतं. तू गरीब आहेस का, असं कुणी विचारत नाही, त्यामुळे टेबलाशी कोण कुठल्या घरातून आलंय ते कळायचा प्रश्नच येत नाही. ही गोष्ट मला फार मोठी वाटते. फुकट मिळणाऱ्या अन्नाबरोबर लाज वाढली गेली, तर मूल दुसऱ्या दिवशी येत नाही.

आणि मांडतं कोण? निवृत्त माणसं. मला वाटतं, या संस्थेचा प्राण इथे आहे. भल्या सकाळी उठून ही आजी-आजोबा मंडळी शाळेत येतात, सफरचंदं चिरतात, पावाला लोणी लावतात, शेजारी बसून मुलांचं ऐकून घेतात. त्याबद्दल त्यांना छोटासा खर्चभत्ता मिळतो. या देशात एकट्या राहणाऱ्या वृद्धांची संख्या आपण रोज जिन्यात बघतोच. एका टोकाला सकाळी ज्यांची कुणी वाट बघत नाही अशी माणसं, दुसऱ्या टोकाला ज्यांच्याकडे सकाळी बघायला कुणाला सवड नाही अशी मुलं. बाईंनी या दोघांना एका टेबलाशी आणलं. म्युनिकच्या काही शाळांपासून सुरू झालेलं हे काम आज जर्मनीभर शेकडो शाळांमध्ये चालतं.

हे उपाशी येणं दरवेळी पैशाच्या चणचणीमुळेच असतं असंही नाही. आईची सफाईकामाची पाळी पहाटे पाचला सुरू होते, बाप रात्रपाळीहून येऊन झोपलेला असतो, सात वर्षांचं पोर स्वतःचं स्वतः उठून कोट घालून निघतं. माझी मुलगी ग्रुंडशूलेत असताना तिच्या वर्गशिक्षिकेने पालकसभेत सांगितलं होतं की दुसऱ्या तासाला डोकं टेकवून बसणारी मुलं त्यांना लगेच ओळखू येतात, आणि त्या मुलांना गणित येत नाही हा समज चुकीचा असतो. त्यांना भूक लागलेली असते.

आता तुमच्या मनात येईल ते मीच बोलते. हे काम सरकारचं नाही का? आहे, असंच माझं मत आहे. आपल्या देशात 1995 साली शाळेतल्या दुपारच्या आहाराची राष्ट्रीय योजना आली. 2001मध्ये सर्वोच्च न्यायालयाने कोरडं धान्य न देता शिजवलेलं अन्न द्या असा आदेश दिला, आणि जिल्हा परिषदेच्या शाळेतली खिचडी हा मुलांचा हक्क झाला. तिच्या दर्जाबद्दल आपण कितीही भांडू, आणि भांडलंच पाहिजे, पण तो हक्क आहे. जर्मनीसारख्या श्रीमंत देशात सगळ्या शाळकरी मुलांना सकाळचं खाणं देणारी देशव्यापी योजना नाही, याचं मला वाईट वाटतं. तरीही कायदा होईपर्यंत आज सकाळी आलेल्या मुलाने काय खायचं, या प्रश्नाला उत्तर ऊशी ग्लास यांनी दिलं. प्रसिद्ध माणसं समाजकार्याला नाव देतात, फोटोला उभी राहतात. त्यालाही किंमत आहे. मरणासन्न रुग्णांच्या हक्कांसाठी काम करणाऱ्या संस्थेच्या पाठीशी बाईंनी आपलं नाव असंच उभं केलं. पण रोज सकाळी, प्रत्येक शाळेत, ताजं दूध आणि दोन माणसं वेळेवर पोचवायची व्यवस्था वर्षानुवर्षं चालू ठेवणं याला वेगळी चिकाटी लागते. ऐंशी ओलांडल्यावरही त्या या कामाबद्दल तितक्याच पोटतिडकीने बोलतात.

आता एक विनंती. आपल्या मंडळात सत्तर-ऐंशीच्या दशकात आलेले काका-काकू आता निवृत्त झाले आहेत. जर्मन त्यांना आपल्यापेक्षा छान येतं. नातवंडं दुसऱ्या शहरात, सकाळ मोकळी. काका, काकू, आठवड्यातून एखाद-दोन सकाळी तुम्ही शाळेत जाऊन न्याहारी मांडाल का? थंडीत सहाला उठणं सोपं नाही, मला कल्पना आहे. मुलांबरोबर काम करायचं म्हणजे विस्तृत चारित्र्य दाखला लागतो; तो काढायला नगर कार्यालयात मी तुमच्याबरोबर येईन. ज्यांची इच्छा असेल त्यांनी चहाच्या वेळी दाराजवळच्या टेबलावर आपलं नाव आणि जवळची शाळा लिहून ठेवा. सोमवारी मी संस्थेच्या म्युनिक कार्यालयाशी बोलणार आहे, तेव्हा ही यादी माझ्या हातात असेल.