डोणीतलं लाल पाणी

नमस्कार श्रोतेहो.

पाऊस सरला आणि ऑक्टोबरचं ऊन चटकायला लागलं की घराच्या आसपास जिथे पावसाचं पाणी साचून राहिलंय तिथे एकदा नजर टाका. गुरांची डोण, पागोळ्यांखाली विसरलेलं घमेलं, गच्चीचा कोपरा, सड्यावरच्या कातळातला खळगा. एखाद्या ठिकाणी तळाला विटकरी लाल थर धरलेला दिसेल. तो गंज नव्हे आणि जांभ्याची मातीही नव्हे. ते शेवाळ आहे, आणि लाल दिसलं तरी हिरव्या शेवाळांच्या कुळातलं. एक पेशी म्हणजे एक अख्खा जीव. नाव जरा लांबलचक आहे, हीमॅटोकॉकस प्लुव्हियालिस. फ्लोटो नावाच्या जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञाने १८४४ साली त्याचं वर्णन केलं. राहतं गोड्या पाण्यात.

आता आमच्या काकीची गोष्ट ऐका. देवगड तालुक्यात सड्यावर तिचं घर. दारात अखंड जांभ्यातून कोरलेली डोण, तिच्या सासऱ्यांच्या वेळची. (हल्ली सगळीकडे निळे प्लास्टिकचे पिंप आलेत. उन्हात राहून तडकतात, तरी लोक तेच आणतात. असो.) दसरा झाल्यावर काकी माहेरी गेली, म्हस शेजाऱ्यांच्या गोठ्यात. परत येऊन बघते तर डोणीत हातभर उरलेलं पाणी आटून बोटभर झालेलं आणि तळ लालभडक.

काकीने हाक मारली ती थेट खालच्या वाडीत ऐकू गेली. "अरे, माझ्या डोणीत रगात कोणी ओतल्यान?"

माणसं जमली. एक म्हणाला बाहेरचं आहे. दुसऱ्याला आठवलं की अमावस्येला पाणंदीत लिंबू पडलं होतं. तिसऱ्याने तर जमिनीच्या वाटणीचं जुनं भांडणच काढलं. गुरवाला बोलवून गाऱ्हाणं घालायचं, कौल घ्यायचा, इथपर्यंत ठरलं. म्हस मात्र पाण्याला तोंड लावेना, आणि त्यामुळे काकीची खात्रीच पटली.

तेवढ्यात हायस्कूलचे विज्ञानाचे मास्तर आले. त्यांनी पाणी बघितलं, बोटाने थर खरवडला, हुंगला, आणि काही न बोलता निघून गेले. संध्याकाळच्या एसटीने परत आले ते मांडीवर शाळेचा सूक्ष्मदर्शक घेऊन. आपल्याकडे बहुतेक शाळांत ही वस्तू कपाटात कुलूपबंद असते, तपासणीला साहेब आले की पुसून बाहेर काढतात. मास्तरांनी ती ओटीवर मांडली, आरशाने उजेड धरला, काचपट्टीवर एक थेंब ठेवला आणि म्हणाले, "काकी, आधी तुम्ही बघा."

काकीने पदर सावरला, एक डोळा मिटला. मग मीही बघितलं. जाड कवचाचे गोल गोल मणी, आत गच्च लाल रंग, एखाद्याच्या कडेला हिरवी रेघ. रक्ताच्या पेशी याहून पुष्कळ लहान असतात, मास्तर म्हणाले. त्यांनी थोडा थर बरणीत घालून वर विहिरीचं पाणी ओतलं आणि बरणी खिडकीत ठेवली. काही दिवसांनी पाण्यावर हिरवट झाक आली. थेंब बघितला तर हिरवे जीव सैरावैरा पोहत होते, पुढे दोन बारीक शेपट्या, पेशीभोवती पारदर्शक रुंद वेष्टन, आणि उजेड कुठून येतो ते ओळखणारा एक तांबडा ठिपका. त्याच लाल मण्यांतून निघालेले.

"ह्यो लाल रंग तोच," मास्तर म्हणाले, "जो कुर्ली शिजवल्यावर कवचावर येतो."

काकी क्षणभर गप्प झाली. मग म्हणाली, "मगे मास्तरानु, माझ्या डोणीत कुर्ल्यांचा सार कोणी केल्यान?"

कौल राहिलाच. (कुर्ल्यांवरून सांगतो, लोक त्या फार शिजवतात. मांसाचा चोथा होतो.)

तर रंगाचं नाव अस्टाझँथिन. पाणी भरपूर, खत भरपूर, तेव्हा ही पेशी हिरवी असते आणि पोहते. पाणी आटलं, नायट्रोजन-फॉस्फरस संपला, ऊन कडक झालं की शेपट्या टाकते, गोल होते, जाड कवच घालते आणि तेलाच्या थेंबांत हा लाल रंग साठवते. रंग म्हणजे तिची उन्हातली छत्री. पुन्हा ऐका: सुखात हिरवी, संकटात लाल, पेशी तीच. पाणी आलं की कवच फुटून एका मण्यातून अनेक हिरव्या पेशी बाहेर पडतात.

कुर्लीला हा रंग किंवा त्याचा कच्चा माल खाण्यातूनच मिळवावा लागतो. जिवंतपणी तो प्रथिनाला बांधलेला असतो म्हणून कवच निळसर-हिरवट दिसतं. उकळलं की प्रथिन मोडतं आणि लाल रंग सुटा होतो. कोळंबीचं आणि शेवंडीचंही तेच. हवाई बेटांवर नि इस्रायलमध्ये हे शेवाळ मुद्दाम वाढवतात, आधी हिरवं आणि मग उपाशी ठेवून लाल, आणि त्यातला रंग गोळ्यांमध्ये भरून विकतात.

आता डोणीचं काय करायचं? पाणी उपसून डोण उन्हात वाळवली की काम झालं असं समजू नका. वाळणं तर याच्या अंगवळणी पडलेलं आहे. सुकलेले मणी तग धरून राहतात, धुळीबरोबर वाऱ्याने दुसऱ्या डोणीत जाऊन पडतात. तेव्हा ओली असतानाच काथ्याने घासा, नीट धुवा, आणि ते पाणी माडाच्या आळ्यात ओता. हे शेवाळ विषारी नाही, पण बरेच दिवस साचलेलं पाणी गुरांना पाजू नयेच. आणि ब्लीचिंग पावडर टाकून मोकळे होऊ नका, त्याच डोणीत म्हस तोंड घालणार आहे.