वॅरम पर्सी: गाव उठलं, चर्च राहिलं

इंग्लंडमधल्या यॉर्कशरची ही दरी. समोरचं ते सेंट मार्टिनचं चर्च. छप्पर नाही, मनोरा अर्धाच उभा. पूर्वी याच्या आसपास वॅरम पर्सी नावाचं नांदतं गाव होतं.

या भिंतीजवळ या. दगडांत कमानीचा आकार दिसतोय? आत चिणलेले दगड नंतरचे आहेत. या कमानीतून पूर्वी पलीकडच्या पडवीत जाता यायचं. दहाव्या शतकाच्या सुमारास इथे लहानसं लाकडी चर्च होतं, पुढे ते दगडी झालं. वस्ती वाढली तशा दोन्ही अंगांना पडव्या निघाल्या. माणसं घटल्यावर त्या पाडल्या आणि कमानी बुजवल्या. गावाची खानेसुमारी इतक्या स्वच्छपणे कागदावरही सापडायची नाही.

गाव प्लेगनं संपलं, असं सर्रास सांगतात. खरं तर १३४८-४९च्या साथीनंतरही इथे शेती चालूच होती. गाव उठलं लोकरीपायी. धान्यापेक्षा मेंढ्यांत पैसा जास्त, हे जमीनदारानं हेरलं आणि १५००च्या आसपास उरलीसुरली कुटुंबं हुसकावली. १५१७च्या सरकारी चौकशीत त्याची नोंद एवढीच: चार नांगर बंद, चार घरं ओस.

चर्चला मात्र टाळं लागलं नाही. हा धर्मग्राम, म्हणजे एका चर्चच्या अखत्यारीतला परिसर, एकट्या वॅरम पर्सीचा नव्हता. थिक्सनडेल गावची माणसं बाप्तिस्म्याला, लग्नाला, मयताला टेकड्या ओलांडून इथेच यायची, तीही गाव उठल्यावर साडेतीनशे वर्षं! १८७०मध्ये त्यांचं स्वतःचं चर्च झालं आणि इथली वर्दळ आटली. शेवटची उपासना १९४९मध्ये झाली. मग छपरावरचं शिसं चोरीला गेलं. १९५९मध्ये मनोराही अर्धा ढासळला.

एका परीनं हे पुरातत्त्वज्ञांच्या पथ्यावर पडलं. चालत्या चर्चची फरशी कोण उखडू देणार? इतिहासकार मॉरिस बेरेसफर्ड आणि पुरातत्त्वज्ञ जॉन हर्स्ट यांच्या पुढाकारानं १९९०पर्यंत जवळपास चाळीस वर्षं इथे दर उन्हाळ्यात उत्खनन चाललं. चर्चमध्ये आणि आवारात सुमारे ७०० सांगाडे मिळाले. सरकारी कागदांत या माणसांचे नांगर मोजलेत. त्यांचं घरातलं जगणं कळलं ते या हाडांवरून. आईच्या दुधाची खूण हाडांतल्या नायट्रोजनमध्ये उरते; लहान मुलांच्या हाडांतला तो तपासला, तेव्हा इथल्या बाया बाळांना साधारण दीड वर्ष अंगावर पाजत, हेही समजलं.