प्रश्न विचारणारे विद्यार्थी

[दृश्य : वर्गखोली. फळ्यावर हिब्रू अक्षरं. विद्यार्थी एका सुरात वाचत आहेत.]

उजवीकडून डावीकडे. अक्षराखाली बोट ठेवायचं, मोठ्याने म्हणायचं, चुकलं की ओळीच्या सुरुवातीला परत यायचं. सेमिनरीच्या, म्हणजे ख्रिस्ती धर्मशिक्षणाच्या विद्यालयाच्या, पहिल्या वर्षाला वयाचा मान उरत नाही. नुकतीच पदवी घेतलेली मुलगी आणि नोकरी सोडून चाळिशीत शिकायला आलेले गृहस्थ एकाच शब्दाशी अडखळतात.

यातल्या बहुतेकांनी पवित्र शास्त्र, म्हणजे बायबल, लहानपणापासून ऐकलंय. काहींना स्तोत्रं तोंडपाठ आहेत, काहींनी मंडळीत, म्हणजे चर्चमध्ये, उपदेशही केलेत. तरी इथे सगळ्यांची सुरुवात मुळाक्षरांपासून. जुना करार मुख्यतः हिब्रूत, दानीएल आणि एज्रा या पुस्तकांतला काही भाग अरामीत, नवा करार ग्रीकमध्ये. ईश्वरविज्ञानात, म्हणजे देव आणि विश्वास यांच्या अभ्यासात, भाषांखेरीज बरंच काही आहे. मंडळीचा इतिहास आहे, सिद्धांत आहेत, नीतिशास्त्र आहे, पाळकीय सेवेचं शिक्षण आहे. पण पहिल्या वर्षी रात्र-रात्र जागवतात त्या भाषाच.

[दृश्य : हिब्रू पान, अगदी जवळून.]

अक्षरांच्या खाली-वर हे बारीक ठिपके आणि रेघा दिसताहेत, त्या स्वरांच्या आणि पठणाच्या खुणा आहेत. मूळ लेखनात अशा खुणा नव्हत्या. इसवी सनाच्या साधारण 7व्या ते 10व्या शतकांत मॅसोरेट म्हणून ओळखल्या जाणाऱ्या यहुदी विद्वानांनी, पिढ्यान्‌पिढ्या तोंडी चालत आलेलं पठण असं कागदावर बांधून ठेवलं. आज वर्गात जो छापील हिब्रू मजकूर वापरतात, तो 1008 सालच्या एका हस्तलिखितावर आधारलेला आहे. संपूर्ण हिब्रू बायबलचं हाती असलेलं हे सर्वांत जुनं हस्तलिखित, सेंट पीटर्सबर्गच्या राष्ट्रीय ग्रंथालयात जपलेलं. म्हणजे ख्रिस्ती विद्यार्थी जुना करार वाचतो, तो यहुदी लेखनिकांच्या हातून आलेला असतो. हे ऋण किती मोठं आहे, ते ही अक्षरं गिरवताना कळतं.

[दृश्य : बेथलेहेम. पायऱ्या उतरून गुहेत जाणारा कॅमेरा. दगडी भिंती, दिवा.]

जे आज या वर्गात चाललंय, ते चौथ्या शतकात जेरोमच्या वाट्याला आलं होतं. लॅटिन साहित्यात मुरलेला माणूस. सिरियाच्या वाळवंटात राहत असताना त्याने एका यहुदी ख्रिस्ती शिक्षकाकडून हिब्रू शिकायला घेतली. पुढे एका पत्रात त्याने लिहून ठेवलंय की घशातून, धापा टाकत उच्चारायचे ते शब्द शिकताना तो कितीदा हताश झाला, कितीदा सोडून दिलं आणि शिकण्याच्या ओढीने पुन्हा सुरू केलं. त्याच पत्रात तो या कडू बीजाची गोड फळं मिळाल्याबद्दल देवाचे आभारही मानतो. नंतर तो बेथलेहेमला स्थायिक झाला. जन्ममंदिराशेजारच्या चर्चखाली असलेल्या याच गुहांमध्ये बसून त्याने बायबलच्या लॅटिन भाषांतराचं काम केलं, अशी परंपरा सांगते. ते भाषांतर पश्चिमेकडच्या मंडळीने हजारभर वर्षं वाचलं.

ज्यांना ग्रीक अवघड जाते, त्यांच्यासाठी ऑगस्टीन आहे. लहानपणी शाळेत ग्रीकचा किती तिटकारा होता, हे त्याने आपल्या आत्मकथनात देवासमोर मोकळेपणाने सांगितलंय. पुढे तोच पश्चिमेचा सर्वांत प्रभावी ईश्वरविज्ञानी ठरला.

[दृश्य : मँचेस्टर, जॉन रायलंड्स ग्रंथालय. काचेआड पपायरसचा तुकडा.]

हा तुकडा तळहातात मावेल. जेमतेम 9 सेंटिमीटर उंच, 6 सेंटिमीटर रुंद. योहानाच्या शुभवर्तमानाच्या 18व्या अध्यायातल्या ओळी, दोन्ही बाजूंना लिहिलेल्या. रोमी सुभेदार पिलात येशूची चौकशी करतो, तो प्रसंग. अनेक अभ्यासक हा तुकडा दुसऱ्या शतकातला मानतात. नेमक्या सालाबद्दल वाद आहे आणि वर्गात तो वादही शिकवला जातो.

इथून दुसरी अडचण सुरू होते. भाषा पाठ करता येते. ही अडचण पाठ करून सुटत नाही.

[दृश्य : लंडन, ब्रिटिश लायब्ररी. कोडेक्स सिनाइटिकसचं उघडं पान, चार रकाने.]

चौथ्या शतकातलं हे हस्तलिखित. यात मार्ककृत शुभवर्तमान 16व्या अध्यायाच्या 8व्या ओवीवर संपतं. स्त्रिया रिकाम्या कबरेपासून पळून जातात, भ्यालेल्या असतात, कोणाला काही सांगत नाहीत. बस. आपल्या बायबलमध्ये त्यापुढे ज्या 12 ओव्या आपण वाचतो, त्या या पानावर नाहीत. व्हॅटिकनमधल्या तितक्याच जुन्या हस्तलिखितातही नाहीत. व्यभिचारात धरलेल्या स्त्रीची, ‘तुम्हांपैकी जो निष्पाप असेल त्याने पहिला दगड टाकावा’ ही गोष्टही योहानाच्या सर्वांत जुन्या हस्तलिखितांत सापडत नाही.

हे पहिल्यांदा ऐकणाऱ्या विद्यार्थ्याची अवस्था कॅमेऱ्यात पकडणं कठीण. तो वही लिहीत राहतो. मनात मात्र आजीने शिकवलेली ओवी घोळत असते आणि पुढच्या सुट्टीत घरी हे कसं सांगायचं, ही धास्ती. चार शुभवर्तमानांत एकच प्रसंग वेगवेगळ्या क्रमाने का येतो? मोशेची म्हणून ओळखली जाणारी पाच पुस्तकं किती हातांनी घडली? ही कुजबूज नाही, हा अभ्यासक्रम आहे.

मंडळीतल्या वडीलधाऱ्यांना इथेच भीती वाटते. ‘शिकायला पाठवलं आणि पोराचा विश्वास गेला तर?’ भीती बिनबुडाची नाही. जर्मनीत युलियस वेलहाउझेन या पंचग्रंथाच्या, म्हणजे मोशेच्या त्या पाच पुस्तकांच्या, थोर अभ्यासकाने 1882 मध्ये ईश्वरविज्ञानाच्या प्राध्यापकपदाचा राजीनामा दिला, कारण आपल्या शिकवण्याने विद्यार्थी मंडळीच्या सेवेला लायक होण्याऐवजी नालायक होतात, असं त्याला प्रामाणिकपणे वाटू लागलं. त्याच्या प्रामाणिकपणाला नमस्कार. पण त्याचा निष्कर्ष सगळ्यांना लागू पडत नाही. ज्याला शास्त्राची हस्तलिखितं कशी हातोहात आली हे ठाऊक आहे, त्याला उद्या मोबाइलवर कोणी ‘बायबल बदललंय’ असं खळबळजनक काही दाखवलं तर तो कोसळत नाही. तो विचारतो, कुठलं हस्तलिखित, कुठली ओवी? ज्याला हे कधी सांगितलंच नाही, तो मात्र एका व्हिडिओने हलतो. लपवण्याने विश्वास वाचत नाही, हे आपल्या मंडळ्यांनी आता मान्य करायला हवं.

[दृश्य : तुर्कस्तान, इझनिक. ड्रोनमधून सरोवर. उथळ पाण्याखाली चर्चच्या पायाची रेखा.]

पाण्याखाली दिसणारे हे अवशेष एका प्राचीन चर्चचे. 2014 मध्ये हवाई छायाचित्रांमुळे ते जगापुढे आले. या गावाचं जुनं नाव नायसिया. 325 साली सम्राट कॉन्स्टंटाईनने इथे बिशपांची परिषद बोलावली. वाद होता अलेक्झांड्रियाच्या एरियस या पाळकाच्या शिकवणुकीवरून. पुत्र, म्हणजे ख्रिस्त, हा पित्याने, म्हणजे देवाने, निर्माण केलेला, म्हणून पित्याहून कनिष्ठ, असं त्याचं म्हणणं. परिषदेने ते नाकारलं.

म्हणून वाद मिटला असं नाही. परिषदेची बाजू लावून धरणारा अथानासियस अलेक्झांड्रियाचा बिशप झाला आणि त्याला पाच वेळा हद्दपार व्हावं लागलं. सम्राट बदलायचा, मत फिरायचं, अथानासियसचं गाठोडं पुन्हा बांधलं जायचं. अनेक मंडळ्यांमध्ये रविवारी जो नायसियाचा मतांगीकार, म्हणजे विश्वासाची जाहीर कबुली, म्हटला जातो, त्याचं रूप 381च्या कॉन्स्टँटिनोपलच्या परिषदेशी जोडलेलं आहे. मधली ही 56 वर्षं विद्यार्थ्याला वर्षभर शिकावी लागतात. परीक्षेत नावांचा गोंधळ होतो, तारखा अंगावर येतात. पण त्यानंतर ‘आम्ही विश्वास ठेवतो’ हे शब्द उच्चारताना त्यामागे भांडलेली, रडलेली, देशोधडीला लागलेली माणसं दिसतात. या अभ्यासाचं हे फळ मला सर्वांत मोलाचं वाटतं.

[दृश्य : ग्रंथालय. जाडजूड लॅटिन ग्रंथ. पान उलटणारा हात.]

आता हे पान. 13व्या शतकातल्या थॉमस अक्वायनसचा ‘सुम्मा थिऑलॉजिए’. ग्रंथाच्या सुरुवातीलाच तो विचारतो, देव आहे का? आणि उत्तराची पहिली ओळ अशी, की देव नाही असं दिसतं. एका संन्याशाने, ख्रिस्ती विद्यार्थ्यांसाठी लिहिलेल्या पुस्तकात! पुढे तो त्या बाजूची दोन कारणं देतो. देव अमर्याद चांगला असेल तर जगात वाईट राहायलाच नको होतं. आणि जगातलं सगळं निसर्ग व माणसाची इच्छा यांतून समजावता येतं, मग देव कशाला? आजही नास्तिक याहून वेगळं फारसं काय म्हणतात? मग तो त्याविरुद्ध शास्त्रातलं वचन ठेवतो, मग स्वतःचं उत्तर आणि शेवटी त्या दोन आक्षेपांना एकेक करून जबाब.

500हून अधिक प्रश्न, त्यांत आणखी पोटप्रश्न, बहुतेक सगळे याच पद्धतीने. विरोधकाचं म्हणणं आधी, तेही त्याला स्वतःला पटेल अशा शब्दांत. सेमिनरीत विद्यार्थ्यांना याच धर्तीवर निबंध लिहायला लावतात, तेव्हा ते वैतागतात. आपल्याला न पटणारी बाजू नीट मांडणं फार कष्टाचं असतं. दोन-तीन सत्रांनंतर मात्र त्यांच्या बोलण्यात फरक पडतो. समोरच्याचं वाक्य पुरं होईपर्यंत ते थांबतात.

थॉमसने हा ग्रंथ पुरा केला नाही. डिसेंबर 1273 मध्ये प्रार्थनेच्या वेळी त्याला काही अनुभव आला आणि त्याने लेखणी ठेवली. आपण लिहिलेलं सगळं आता गवताच्या काडीसारखं वाटतं, असं तो म्हणाल्याचं त्याच्या चरित्रपरंपरेत सांगितलंय. पुढच्या मार्चमध्ये तो वारला.

[दृश्य : पंडिता रमाबाईंचं छायाचित्र.]

प्रश्न विचारणारे म्हटलं की रमाबाईंना वगळून कसं चालेल? 1883 मध्ये इंग्लंडमधल्या वाँटेज इथे त्यांचा बाप्तिस्मा झाला आणि त्यानंतरची त्यांची पत्रं वाचली की थक्क व्हायला होतं. संस्कृत शास्त्रार्थात तयार झालेली ही तरुण विधवा आपल्या अँग्लिकन शिक्षकांना त्रैक्याबद्दल, म्हणजे पिता, पुत्र आणि पवित्र आत्मा असा एकच देव या शिकवणीबद्दल, विचारते, चर्चच्या अधिकाराबद्दल विचारते आणि स्वतःच्या सद्सद्विवेकाला पटल्याशिवाय ‘हो’ म्हणायला नकार देते. समोरच्यांना तो अहंकार वाटला. रमाबाई मागे हटल्या नाहीत. याच बाई पुढे हिब्रू आणि ग्रीक शिकल्या आणि आयुष्याची शेवटची वर्षं त्यांनी मूळ भाषांतून बायबल मराठीत आणण्याला दिली. 1922 मध्ये त्या गेल्या. ‘प्रश्न विचारले की विश्वास जातो’ म्हणणाऱ्यांनी हे आयुष्य एकदा समोर ठेवावं.

[दृश्य : रुग्णालयाचा वॉर्ड. विद्यार्थिनी एका खाटेशेजारी बसली आहे. आवाज नाही.]

शेवटच्या टप्प्यात अनेक ठिकाणी विद्यार्थ्यांना रुग्णालयात, तुरुंगात, वृद्धाश्रमात पाठवतात. भेटीनंतर झालेला संवाद आठवून शब्दशः लिहायचा आणि गटापुढे वाचायचा. तू हे वाक्य का बोललीस? त्या माणसाला धीर द्यायला, की स्वतःची अस्वस्थता लपवायला?

या शिक्षणाचा पाठ्यग्रंथ म्हणजे जुन्या करारातलं ईयोबाचं पुस्तक. ईयोबाची मुलं गेली, संपत्ती गेली, अंग फोडांनी भरलं. तीन मित्र येतात आणि सात दिवस, सात रात्री त्याच्याबरोबर जमिनीवर गप्प बसतात. तोवर ते बरोबर होते. मग ते देवाची वकिली सुरू करतात. तू पाप केलंस म्हणूनच हे झालं. ईयोब मात्र देवालाच जाब विचारत राहतो, अध्यायामागून अध्याय. आणि शेवटी परमेश्वराचा कोप होतो तो त्या वकिलांवर. माझा सेवक ईयोब माझ्याविषयी यथार्थ बोलला, तुम्ही बोलला नाहीत, असं तो त्यांना सांगतो.

[दृश्य : पदवीदान. गाऊन, टाळ्या, छायाचित्रं.]

पुढे कोणी पाळक होतं, कोणी शिकवतं, कोणी भाषांतराच्या कामाला लागतं, कोणी आपल्या जुन्या पेशात परततं. मानधन बहुतेक ठिकाणी तुटपुंजं आणि बऱ्याच मंडळ्यांत स्त्रियांना अजूनही पाळकपदाची दीक्षा मिळत नाही.

[दृश्य : पाळकाची अभ्यासिका. फोन वाजतो, दार वाजतं, पुन्हा फोन.]

पाळक म्हणून मंडळीत परतलेल्या विद्यार्थ्याच्या हिब्रूवर वर्षभरात धूळ बसते, याचं कारण आळस नाही. लग्नं, अंत्यविधी, समित्या, छपराची दुरुस्ती, सगळं त्याच्याच गळ्यात. ज्या मंडळीने त्याला शिकायला पाठवलं, तिने आठवड्यातली एक सकाळ त्याला पुस्तकांसाठी मोकळी द्यावी, त्या वेळी त्याचा फोन दुसऱ्या कोणीतरी घ्यावा आणि महिन्यातून एकदा, उपदेश संपल्यावर, लोकांना उभं राहून त्याला प्रश्न विचारू द्यावेत.